लॅक्सटनचा बांध

लेकीकडे नॉटिंगहॅमला जायची ही आमची तिसरी खेप. पहिल्या दोन खेपांत लंडनचा पूल, राजवाडा, शेक्सपिअरचं गाव असं सगळं बघून झालं होतं. फोटो काढून झाले, ते नातेवाइकांना दाखवून त्यांना कंटाळा आणणंही झालं. म्हणून गेल्या नोव्हेंबरात गेलो तेव्हा लेकीला आधीच सांगितलं, "आता शहर नको बाई. एखादं खेडं दाखव. पण आइस्क्रीमच्या दुकानांचं नको, शेतकऱ्यांचं दाखव."

जावईबापू शांत माणूस. लॅपटॉपमधून डोकं वर न काढता म्हणाले, "मग लॅक्सटनला जाऊ, बाबा. तिथे अजून जुन्या पद्धतीनं, पट्ट्यापट्ट्यानं शेती करतात. मधे कुंपण नाही की बांध नाही."

बांधाशिवाय शेती! मी सरसावून बसलो. बांध या विषयातला मी जाणकार माणूस. घरातली जी मंडळी हे वाचतात ती इथे गालातल्या गालात हसतील. हसू देत. त्यांना ठाऊक असलेली गोष्ट पुढे येणारच आहे, आणि ठाऊक नसलेलीही.

तर लॅक्सटन. शेरवुडच्या जंगलापासून जवळच, म्हणजे आपल्या रॉबिन हुडच्या मुलखात. गाव एवढंसं. मुख्य रस्ता, त्याच्या कडेनं लाल विटांची कौलारू घरं, एक चर्च, एक पब. चर्चमध्ये एव्हरिंगहॅम नावाच्या जुन्या जमीनदार घराण्यातल्या लोकांचे दगडी पुतळे निजलेले आहेत, आणि त्यांत एका बाईचा पुतळा चक्क लाकडाचा आहे. गावाबाहेर मातीचा एक मोठा उंचवटा दिसतो. नॉर्मन राजांच्या काळात तिथे गढी होती. आता नुसतं गवत. आपल्याकडच्या गढ्यांवर निदान एखादी भिंत आणि बाभळी तरी असतात. १०८६ साली विल्यम राजानं इंग्लंडातल्या जमिनींची नोंदवही करवली, तिला डूम्सडे बुक म्हणतात. त्यातही या गावाचं नाव आहे. म्हणजे आपल्याकडे ज्ञानेश्वर महाराज जन्मायच्याही दोनशे वर्षं आधीपासून हे गाव कागदावर आहे.

पण माझ्या डोळ्यांत भरली ती घरांची मांडणी. इंग्लंडात शेतकऱ्याचं घर बहुधा त्याच्या शेताच्या मधोमध, एकटं असतं. इथे मात्र शेतकऱ्यांची घरं गावात एकमेकांना लागून, घरामागे अंगण-गोठा, आणि शेतं सगळी गावाबाहेर. म्हणजे आपलं गावठाण आणि शिवारच की! सौ. म्हणाली, "हे तर तुमच्या गावासारखं दिसतंय. फक्त धूळ नाही."

गावाबाहेर गेलो आणि थबकलो. इंग्लंडचं शिवार विमानातून गोधडीसारखं दिसतं. हिरवे-पिवळे तुकडे आणि प्रत्येक तुकड्याला झुडपांच्या कुंपणाची शिवण. इथे ती शिवणच नाही. डोळा पोचेल तिथवर एकसलग उतार, त्यावर लांबच लांब पट्टे. एका पट्ट्यातला गहू उगवून वर आलेला, शेजारच्यात नुकता कुठे दिसायला लागलेला, एवढाच काय तो फरक. पट्ट्याच्या टोकाला मातीत ठोकलेला लाकडी खुंट. झाली हद्द.

पबशेजारी एक छोटं माहिती केंद्र आहे. तिथे आणि नंतर लेकीच्या लायब्ररीतून आणलेल्या पुस्तकात जे वाचलं ते मास्तरकीच्या सवयीनं थोडक्यात सांगतो. वेस्ट फील्ड, मिल फील्ड आणि साउथ फील्ड अशी तीन मोठी शिवारं. पहिल्या वर्षी एका शिवारात हिवाळी गहू, पुढच्या वर्षी त्यातच वसंतातलं पीक, तिसऱ्या वर्षी विश्रांती. तिन्ही शिवारांत हे चक्र आळीपाळीनं फिरतं. पूर्वी विश्रांतीचं शिवार पडीक ठेवून त्यात गावाची गुरं सोडत, आता त्यात चाराही करतात. शेतकऱ्याचे पट्टे तिन्ही शिवारांत विखुरलेले. त्यामुळे चांगली माती एकाच्याच वाट्याला आणि खडकाळ दुसऱ्याच्याच, असं होत नाही. शिवाराच्या खोलगट, ओलसर भागात जिथे नांगर चालत नाही तिथे गवत राखतात. त्याला साइक म्हणतात. ते गवत कुणा एकाचं नाही, त्याचा लिलाव होतो. कधीच नांगर न लागल्यामुळे तिथे इतकी रानफुलं टिकली आहेत की सरकारनं त्या जागांना संरक्षण दिलंय.

१६३५ साली मार्क पियर्स नावाच्या मोजणीदारानं या गावाचा नकाशा काढला. तेव्हा गाव विल्यम कोर्टन नावाच्या लंडनच्या एका धनाढ्य व्यापाऱ्यानं विकत घेतलेलं होतं. त्या नकाशात प्रत्येक पट्टा आहे, दोन हजारांहून जास्त पट्टे! शिवाय नांगरणारी, कापणी करणारी, शिकार करणारी छोटी छोटी माणसंही काढली आहेत. मूळ नकाशा ऑक्सफर्डच्या बॉडलियन लायब्ररीत आहे. मी प्रतीपुढेच बराच वेळ उभा राहिलो. आमच्या गटाचा नकाशा मिळवायला मी भूमी अभिलेखच्या किती चकरा मारल्या असतील ते आठवत होतं. त्या नकाशावर माणसं मात्र नव्हती.

एके काळी मध्य इंग्लंडातली गावंच्या गावं अशीच शेती करत. मग पार्लमेंटनं अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत हजारो कायदे करून ती शिवारं मोडली, तुकडे एकत्र केले आणि कुंपणं घातली. उत्पन्न वाढलं म्हणतात. पण ज्यांची गाय सामायिक गवतावर जगत होती त्या गरिबांचं गवतही गेलं आणि गायही. लॅक्सटनमध्येही काही भागाला कुंपणं पडली, पण तीन शिवारं वाचली. कशामुळे? गावात अर्ल मॅनव्हर्स आणि अर्ल ऑफ स्कारबरो असे दोन मोठे जमीनदार होते, त्यांचं आपसात जमलं नाही म्हणून, असं सांगतात! भांडणामुळे एखादी चांगली गोष्ट टिकल्याचं हे मला ठाऊक असलेलं एकमेव उदाहरण. पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पट्टे एकत्र करून त्यांची संख्या कमी केली. १९५२ साली मॅनव्हर्सनी इस्टेट सरकारच्या शेतकी खात्याला विकली, ती ही पद्धत जपली जावी म्हणून. १९८१ला ती क्राउन इस्टेटकडे गेली आणि २०२०मध्ये परत मॅनव्हर्सच्याच वारसांच्या थोर्सबी इस्टेटीकडे आली.

हे वाचताना मला आमच्या वाटण्या आठवत होत्या. आपल्याकडेही भाऊ वेगळे होताना 'विहिरीचं तुला, माळाचं मला' असं करत नाहीत. प्रत्येक तुकड्यात प्रत्येकाचा हिस्सा. न्याय तोच, चांगलं-वाईट सारखं वाटून घ्यायचं. म्हणून तर १९४७ सालचा तुकडेबंदीचा कायदा झाला, आणि तरी तुकडे पडतच राहिले. फरक इतकाच की आपल्याकडे प्रत्येक तुकड्याला बांध असतो, आणि बांध असला की तो कोरणाराही असतो.

माहिती केंद्रात आणखी एक गोष्ट कळली. नोव्हेंबरच्या अखेरीस एका गुरुवारी इथली ज्युरी शिवार बघायला निघते. मी जावईबापूंकडे बघितलं. त्यांनी न बोलता रजा टाकली.

ज्युरी म्हणजे गावातलेच बारा शेतकरी. त्यांतला एक मुकादमासारखा. सकाळी पबपाशी जमतात, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसतात आणि त्या वर्षी ज्या शिवारात हिवाळी गहू पेरलाय तिथे जातात. म्हणजे प्रत्येक शिवाराची पाळी तीन वर्षांनी येते. मग पट्ट्याच्या टोकापाशी उतरून बघायचं, कुणी रस्त्यात नांगर घातलाय का, साइकच्या गवतात शिरलाय का, शेजाऱ्याच्या पट्ट्यात गेलाय का. खुंट मोडला किंवा हरवला असेल तर अंदाज घेऊन नवा ठोकायचा. चूक असेल तर किरकोळ दंड. दुपारी सगळ्यांनी परत पबात येऊन एकत्र जेवायचं. आठवड्याभरानं त्याच पबात कोर्ट भरतं, दंड तिथे नोंदला जातो आणि पुढच्या वर्षासाठी नवी ज्युरी शपथ घेते. १९७७च्या एका कायद्यानं इंग्लंडातल्या असल्या जुन्या गावकोर्टांचे अधिकार काढून घेतले, पण लॅक्सटनच्या कोर्टाला शिवाराच्या व्यवस्थेपुरतं काम चालू ठेवू दिलं.

आम्ही त्या दिवशी शिवारातल्या गाडीवाटेवर उभे होतो. थंडी अशी की सौ.नं दोन शाली आणि माझं मफलर घेतलेलं. ट्रॉली आली, माणसं उतरली. चिखलाचे बूट, डोक्याला टोप्या, काही माझ्या वयाची, काही तरुण. एका पट्ट्याच्या टोकाशी जरा घोटाळा होता. एकजण वाकून बघत होता, दुसऱ्यानं लांब उभं राहून पलीकडच्या टोकाकडे नजर लावली आणि हातानं खूण केली, अजून थोडं, अजून थोडं, बस. तिसऱ्यानं बुटाच्या टाचेनं मातीत रेघ ओढली आणि चौथ्यानं मोगरीनं खुंट ठोकला. सगळा कार्यक्रम दोन-तीन मिनिटांचा. कुणीतरी काहीतरी बोललं, त्यावर सगळे हसले, आणि ट्रॉली पुढे गेली.

त्यांतला एक म्हातारा आमच्यापाशी थांबला. कुठून आलात वगैरे झालं. मी माझ्या शाळामास्तरी इंग्रजीत विचारलं, "ज्याची चूक निघते, तो कोण असतो?"

तो म्हणाला, "बरेचदा तो ट्रॉलीतच बसलेला असतो."

मग त्यानं मला विचारलं, "तुम्ही शेतकरी का?" मी म्हटलं, "माझे वडील होते." त्यानं मान हलवली आणि तो ट्रॉलीमागे चालू लागला.

परतीच्या वाटेवर गाडीत मी गप्प होतो. लेकीला वाटलं थंडी बाधली. तेव्हा तिला जे सांगितलं नाही ते आता सगळ्यांनाच सांगतो.

आमच्या तात्यांची आणि आप्पांची, म्हणजे माझ्या वडिलांची आणि चुलत्यांची, वाटणी मी लहान असतानाच झाली होती. ओढ्याकडच्या रानात दोघांच्या मधे एक बांध होता आणि बांधाच्या टोकाला हद्दीचा दगड. १९७४ सालच्या मे महिन्यात मी सुट्टीला घरी होतो. नुकता शाळेत लागलेलो. तात्यांना बरं नव्हतं म्हणून औत माझ्या हातात होतं. तात्या झाडाखाली बसून म्हणाले, "त्या कडेनं एक तास आत घे. आप्पानं गेल्या साली आपलं खाल्लंय."

नांगराचं एक तास म्हणजे वीतभर जागा. मी घेतलं. आप्पांनी खरंच आपलं खाल्लं होतं का, हे मी बघितलं नाही. पुढच्या वर्षी आणखी एक तास घेतलं, तेव्हा तर कुणी सांगितलंही नव्हतं. बांध निम्मा झाला. तिसऱ्या वर्षी नांगर हद्दीच्या दगडाला अडकला. तो दगड मी उपसला आणि ओढ्यात लोटून दिला. पावसाळ्यात उरलासुरला बांध वाहून गेला.

मग जे व्हायचं ते झालं. आधी शिव्या, मग काठ्या, मग पोलीस पाटील, मग मोजणी, मग १९७९ साली दावा. तात्या गेले, आप्पा गेले, आणि दावा वारसाहक्कानं माझ्याकडे आणि चुलतभाऊ अण्णाकडे आला. दीड हात रुंदीच्या पट्टीसाठी आम्ही वकिलांना जे दिलं त्यात तसली दोन रानं आली असती. १९८६ साली माझी साक्ष झाली. अण्णाच्या वकिलानं विचारलं, "हद्दीचा दगड कुठे होता?" मी म्हणालो, "मला आठवत नाही."

शाळेत रोज सकाळी फळ्यावर सुविचार लिहिण्याचं काम माझ्याकडे होतं. त्या दिवशी पहिले दोन तास घेऊन मग कोर्टात गेलो होतो. फळ्यावर काय लिहिलं होतं ते मात्र मला अजून आठवतं, आणि ते काय असेल याची वाचकांना कल्पना येईलच.

१९९६ साली पुराव्याअभावी दावा फेटाळला गेला. म्हणजे मी जिंकलो. अण्णा आणि मी त्यानंतर एकमेकांशी बोललो नाही. त्याच्या मुलीच्या लग्नाची पत्रिका आली होती, मी गेलो नाही. २०११ साली तो गेला. दहाव्याला गेलो, पण घाटावर लांबच उभा राहिलो. मला वाटतं लोकांनी त्याला माझा ताठा म्हटलं असेल. ताठा नव्हता.

लॅक्सटनच्या त्या वाटेवर मला हेच सुचत होतं की वीतभर चूक वीतभर असतानाच चार माणसांनी येऊन बघितली असती, तर काय झालं असतं? मला चार आणे दंड झाला असता. तात्यांनी मला दोन शब्द ऐकवले असते, आप्पांनी तात्यांना ऐकवले असते. आणि मग सगळे जेवायला बसले असते. आमच्याकडे ती चूक बघायला पहिला तटस्थ माणूस आला तो मोजणीदार. तोवर पाच वर्षं गेली होती आणि दगड ओढ्यात होता.

लेकीला हा विचार (माझा भाग वगळून) सांगितला तेव्हा ती म्हणाली, "बाबा, तुम्ही उगीच भारावून जाताय. ती जमीन त्यांची कुठे आहे? बरेचसे कुळंच आहेत, मालक इस्टेट. भाड्याच्या जमिनीसाठी कोण डोकी फोडेल? आणि आता शेतकरी तरी कितीसे उरलेत तिथे?"

खरं आहे तिचं. आमच्यासाठी ती जमीन म्हणजे आज्यानं राखलेली, दुष्काळातही न विकलेली, सात-बारावर नाव असलेली. तिच्यासाठी माणूस वेडा होतो. लॅक्सटनची माणसंही काही संत नसणार. दंड करावा लागतो, म्हणजे नांगर आत जातोच. १६३५ सालीही जात असेल. पण जाणार हे त्यांनी गृहीत धरलंय आणि त्याची सोय करून ठेवली आहे. आम्ही दोन्ही घरांनी असं धरलं की आपण तसे नाही, तसे फक्त पलीकडचे.

असो.

परत आल्यावर हा लेख लिहायला घेतला. चार वेळा लिहून चार वेळा खोडला. शेवटी इथे टाकण्याआधी अण्णाच्या मुलाला, माझ्या पुतण्याला, फोन लावला. तो पुण्याला असतो, अधूनमधून हे पान वाचतो असं ऐकून होतो. म्हटलं, आधी तुला वाचून दाखवतो. तू नको म्हणालास तर टाकत नाही.

सगळं वाचलं. दगडाच्या ओळीपाशी आवाज जरा बसला. पलीकडून बराच वेळ काही नाही. मला वाटलं फोन कट झाला.

मग तो म्हणाला, "काका, अण्णांना माहीत होतं. ते म्हणायचे, मास्तर त्या दिवशी कोर्टात खाली बघून बोलला. नाहीतर तो कधी खाली बघून बोलत नाही."

मी काय बोलणार? म्हटलं, "मेमध्ये सवड काढशील का? रानात जाऊ. तू, मी आणि गावातले दोन जुने माणूस बरोबर घेऊ. दगड कुठे होता ते मला चांगलं आठवतं."

"येतो की," तो म्हणाला. "पण जेवण तुमच्याकडे."

सौ.ला सांगितलंय. तिनं पुरणपोळीचं ठरवलंसुद्धा.